कंपनी बंद पडली तरी मुलांचा खेळ बंद पडू नये

माननीय संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार.

डिचोली तालुक्यातील एका उच्च माध्यमिक विद्यालयात मी २८ वर्षे इलेक्ट्रॉनिक्स हा विषय शिकवला आणि चार वर्षांपूर्वी निवृत्त झालो. यंदा चवथीच्या सुट्टीत माझे चार माजी विद्यार्थी, जे आता अभियांत्रिकीच्या शेवटच्या वर्षाला आहेत, मला भेटायला घरी आले आणि त्यांनी पिशवीतून जेवणाच्या डब्याएवढी एक पेटी काढून आमच्या टीव्हीला जोडली. पेटीत मोबाईलमध्ये असतो त्याच जातीचा प्रोसेसर असलेला एक छोटा बोर्ड होता, त्यावर अँड्रॉइड चालत होते, आणि हातात धरायला बिनतारी दोन कंट्रोलर होते. घरी जमलेली नातवंडे, त्यांची आतेभावंडे आणि शेजारची मुले असा सगळा गोतावळा तासभर त्या पेटीभोवती खिळून राहिला. त्या मुलांनी स्वतः तयार केलेला एक खेळ मला विशेष आवडला. खाजन शेतीच्या, म्हणजे खाडीकाठी बांध घालून राखलेल्या शेतीच्या, बांधावर एक खेळाडू उभा असतो आणि दुसरा मानशीपाशी, म्हणजे बांधातल्या पाणी अडवणाऱ्या दारापाशी. भरतीच्या पाण्याच्या दाबाने मानशीचे दार आपोआप मिटते, पण त्यात अडकलेला ओंडका वेळीच काढला नाही तर खारे पाणी शेतात शिरते, आणि त्याच वेळी बांधाला खेकड्यांनी पाडलेली भोके दुसऱ्याने चिखलाने बुजवायची असतात. दोघांनी एकमेकांना हाका मारल्याशिवाय हा खेळ पुढे जात नाही. मोबाईलच्या बोटभर पडद्यावर मान खाली घालून एकेकट्याने खेळणारी मुले त्या दिवशी एकमेकांच्या खांद्याला खांदा लावून बसली होती, हे मी डोळ्यांनी पाहिले, आणि म्हणून या पेटीबद्दल मला मनापासून आस्था वाटते.

ही पेटी विकायची, राज्याच्या स्टार्टअप धोरणाखाली मिळणाऱ्या बीजभांडवलासाठी अर्ज करायचा आणि पुढेमागे तुये येथील इलेक्ट्रॉनिक सिटीत जागा मिळाली तर तिथे जुळणी करायची, असा त्या चौघांचा विचार आहे. त्यांनी मला सगळा आराखडा दाखवला. त्यात एक गोष्ट अशी होती की पेटी विकत घेतल्यावर प्रत्येक गेम त्यांच्या सर्व्हरवरून, म्हणजे इंटरनेटवरून जोडलेल्या त्यांच्या मध्यवर्ती संगणकावरून, उतरवायचा आणि गेम सुरू करताना दर वेळी पेटी त्या सर्व्हरला विचारणार की हा गेम या ग्राहकाने खरोखर विकत घेतला आहे का. मी विचारले, "तुमचा सर्व्हर एक दिवस बंद पडला तर?" त्यांच्यातला एकजण म्हणाला, "सर, ते तेव्हा बघू." त्या मुलांच्या हुशारीबद्दल किंवा हेतूबद्दल माझ्या मनात तिळमात्र शंका नाही. परंतु "तेव्हा बघू" या दोन शब्दांत केवढे नुकसान लपलेले असते याचा इतिहास आपल्यासमोर असल्यामुळे आणि सरकारी पैसा या कामाला लागण्याची शक्यता असल्यामुळे, हा विषय आपल्या वाचकांपुढे आणि संबंधित खात्यापुढे मांडावा असे मला वाटले.

त्या मुलांच्या पेटीसारखीच एक पेटी चौदा वर्षांपूर्वी अमेरिकेत निघाली होती. तिचे नाव ऊया. ज्युली उर्मन या उद्योजिकेने तिची कल्पना मांडली आणि ईव्ह बेहार या नामवंत संरचनाकाराने तिचे रूप घडवले. त्यांचा मुद्दा सोपा होता. मोबाईलसाठी बनणाऱ्या चिप इतक्या स्वस्त आणि इतक्या समर्थ झाल्या आहेत की त्यांच्यावर घरच्या टीव्हीला जोडायचा कन्सोल, म्हणजे गेम खेळायचे यंत्र, उभा करता येईल, आणि अँड्रॉइड ही प्रणाली खुली असल्यामुळे एखाद्या मोठ्या कंपनीची परवानगी न घेता कोणीही त्यावर गेम बनवू शकेल. १० जुलै २०१२ रोजी किकस्टार्टर या लोकवर्गणीच्या संकेतस्थळावर त्यांनी लोकांकडे ९ लाख ५० हजार डॉलर मागितले. ती रक्कम काही तासांतच जमली आणि महिनाभरात ६३,४१६ लोकांनी मिळून सुमारे ८६ लाख डॉलर दिले. मला ते दिवस चांगले आठवतात, कारण त्याच वर्षी मी बारावीच्या वर्गात फळ्यावर या खोक्याची आकृती काढून मोबाईलची चिप आणि संगणकाची चिप यांतला फरक समजावला होता, आणि एरवी मागच्या बाकावर पेंगणारी मुलेसुद्धा तासानंतर प्रश्न विचारायला थांबली होती.

खोका होता जेमतेम तळहातावर मावेल एवढा, प्रत्येक बाजू साधारण साडेसात-आठ सेंटिमीटरची. आत एनव्हिडिया कंपनीची टेग्रा ३ ही चार गाभ्यांची चिप, १ जीबी मेमरी, ८ जीबी साठवण आणि हवा खेळती ठेवायला एक छोटा पंखा. किंमत ९९ डॉलर, म्हणजे तेव्हाच्या दराने साधारण साडेपाच हजार रुपये. त्याच काळात आलेला सोनीचा प्लेस्टेशन ४ भारतात ३९,९९० रुपयांना मिळत असे, हे लक्षात घेतले म्हणजे ज्या घरात महिन्याचा हिशेब वहीत लिहून चालतो त्या घरासाठी या फरकाचा अर्थ काय होता ते कळते. कंट्रोलरवरच्या चार बटणांना नेहमीची अक्षरे न देता ऊया या नावाचीच चार रोमन अक्षरे दिली होती, हा बारकावा मुलांना फार आवडला होता.

मला स्वतःला किमतीपेक्षाही त्यामागची वृत्ती अधिक महत्त्वाची वाटली. घेतलेला प्रत्येक खोका हाच गेम बनवणाऱ्याचाही खोका होता. गेम तयार करण्यासाठी वेगळे महागडे यंत्र किंवा परवाना घ्यावा लागत नव्हता. खोका स्क्रू काढून उघडता येत होता, आणि त्याच्या प्रणालीत मूळ पातळीवर शिरून फेरफार केले तरी हमी रद्द होणार नाही असे कंपनीने आधीच जाहीर केले होते. प्रत्येक गेमचा काही ना काही भाग फुकट खेळून बघता आलाच पाहिजे, असा नियम होता, आणि विक्रीच्या रकमेतले ७० टक्के बनवणाऱ्याला आणि ३० टक्के कंपनीला असा हिशेब होता. एका तंत्रशिक्षकाला यापेक्षा अधिक काय हवे? शिकणाऱ्याच्या हातात दिलेली वस्तू त्याला उघडून बघता आली पाहिजे, हे मी आयुष्यभर सांगत आलो.

पुढे अडचणी आल्या. पैसे देणाऱ्यांना मार्च २०१३ अखेरपासून खोके पाठवायला सुरुवात झाली. कंट्रोलरवरची बटणे वरच्या पट्टीखाली अडकतात अशी तक्रार आल्यावर पट्टीतली भोके मोठी करावी लागली आणि त्यासाठी दुकानांतील विक्री ४ जूनवरून २५ जून २०१३ पर्यंत पुढे ढकलली गेली. हा बदल करून घेणे योग्यच होते. मात्र दुकानांत खोके आले तरी सुरुवातीला पैसे देणाऱ्या अनेकांच्या हाती ते पोचले नव्हते, आणि ज्यांनी विश्वास टाकला त्यांनाच ताटकळत ठेवल्याचा राग साहजिक होता. गेमची बाजू तर त्याहून कमकुवत निघाली. मोबाईलवरचे गेम बोटाने पडद्याला स्पर्श करून खेळण्यासाठी बनलेले असतात. ते तसेच्या तसे टीव्हीवर आणून कंट्रोलरने खेळायला दिले की त्यांतली मजा निघून जाते. या खोक्यासाठी मुद्दाम घडवलेले आणि चार जणांनी एकत्र खेळावेत असे काही सुंदर गेम आले, पण ते मोजकेच होते. पहिल्या महिन्यात नोंदणी केलेल्या ग्राहकांपैकी जेमतेम २७ टक्क्यांनी एखादा गेम पैसे देऊन घेतला होता, असे कंपनीनेच सांगितले होते. शिवाय मोबाईलची चिप दर वर्षी बदलते. टेग्रा ३ ही २०११ च्या अखेरीस बाजारात आलेली चिप होती, त्यामुळे खोका दुकानात पोचला तेव्हाच ती मागच्या पिढीची झाली होती. कन्सोल ही सहा-सात वर्षे टिकवायची वस्तू आणि मोबाईल ही दोन वर्षांत बदलायची, या दोन वेगळ्या चालींची सांगड घालणे त्या कंपनीला जमले नाही, असे माझे मत आहे.

गेम वाढावेत म्हणून जुलै २०१३ मध्ये कंपनीने १० लाख डॉलरचा एक निधी काढला. किकस्टार्टरवर गेम बनवणाऱ्याने जितके पैसे उभे केले तितकीच भर कंपनी घालणार, मुख्य अट ही की काही महिने तो गेम फक्त याच खोक्यावर मिळावा. काही गेमसाठी आलेल्या देणग्यांच्या खरेपणाबद्दल लवकरच शंका घेतल्या गेल्या आणि नियम बदलावे लागले. सरकारी योजनांतही समान वाटा देण्याची अशी पद्धत असते, म्हणून हा प्रसंग आपल्याकडच्या अधिकाऱ्यांनीही अभ्यासण्यासारखा आहे. असो. २०१५ च्या जुलैमध्ये ऊयाची प्रणाली, गेमचे ऑनलाइन दुकान आणि माणसे गेमिंगची उपकरणे बनवणाऱ्या रेझर या कंपनीने घेतली, खोक्याचे उत्पादन थांबले, आणि २५ जून २०१९ रोजी, म्हणजे दुकानात विक्री सुरू झाल्याला बरोबर सहा वर्षे झाली त्याच दिवशी, सर्व्हर कायमचा बंद करण्यात आला.

त्या दिवशी नेमके काय झाले हे समजून घेण्यासारखे आहे. खोका बिघडला नव्हता. चिप, पंखा, बटणे, सगळे जसेच्या तसे होते. पण ग्राहकांची खाती बंद झाली, दुकानातून नवे काही उतरवता येईना, आणि आधी उतरवून ठेवलेल्या गेमपैकी जे सुरू होताना सर्व्हरला खरेदीची खूण विचारत होते ते उत्तर न मिळाल्यामुळे अडून बसले. म्हणजे पैसे दिलेले, वस्तू घरात असलेली आणि यंत्र धडधाकट, तरी खेळ बंद. जगातल्या काही हौशी लोकांनी पदरमोड करून आणि रात्री जागवून त्या सर्व्हरसारखे वागणारे पर्यायी सर्व्हर लिहिले, सापडतील तेवढे गेम गोळा करून इंटरनेट आर्काइव्हसारख्या डिजिटल संग्रहांत जपले, आणि केवळ त्यांच्यामुळे आज कपाटातला एखादा ऊया पुन्हा चालू करता येतो. प्रणालीत शिरायची मोकळीक कंपनीने आरंभीच दिली होती, म्हणूनच ही डागडुजी शक्य झाली. खुलेपणाचा उपयोग कंपनी गेल्यानंतर झाला, याची नोंद माझ्या विद्यार्थ्यांनी घ्यावी.

हा एकट्या ऊयाचा प्रकार नाही. त्याआधी २००९ मध्ये ब्राझीलमध्ये झीबो नावाचा असाच एक कन्सोल निघाला होता. मोबाईलच्या चिप बनवणारी क्वालकॉम आणि तिथली टेकटॉय या कंपन्यांनी मिळून तो आणला, त्यातही मोबाईलचीच चिप होती, आणि त्याला डिस्क किंवा गेमची कॅसेट लागत नसे, कारण गेम थेट मोबाईलच्या जाळ्यावरून येत. मध्यमवर्गीय घरांना परवडावा हाच उद्देश होता. २०११ मध्ये तोही गुंडाळला गेला.

आता याच्या जोडीला आपल्याकडची एक आठवण सांगतो. नव्वदच्या दशकात म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात आणि मडगावच्या दुकानांत टीव्हीला जोडायचे व्हिडिओ गेम मिळत. १९८३ मध्ये जपानात आलेल्या निन्टेन्डोच्या यंत्राच्या त्या नकला होत्या, आणि त्यांच्या पिवळ्या-काळ्या कॅसेट वेगळ्या विकत मिळत. आम्ही त्यांना कॅसेटच म्हणायचो. माझ्या मुलासाठी घेतलेले ते यंत्र दोन वर्षांपूर्वी माळ्यावरून काढले. अडॅप्टर नवा जोडावा लागला, कॅसेटचे टोक साफ करावे लागले, आणि यंत्र पहिल्याच झटक्यात सुरू झाले. गेम कॅसेटमधल्या चिपवर कोरलेला असल्यामुळे त्याला कोणाचीच परवानगी विचारायची नव्हती. ती नक्कल होती, मूळ निर्मात्याला तिच्यातून काही मिळाले नाही, आणि तिचे समर्थन मी करणार नाही. पण तिशी ओलांडलेली ती वस्तू आज चालते आणि सहा वर्षांची वस्तू सर्व्हर गेल्याबरोबर अपंग होते, हे तंत्रज्ञानाच्या प्रगतीचे लक्षण मानायला मी तयार नाही.

माझा स्वतःचा अनुभव गेमचा नाही, पण जातकुळी तीच आहे. निवृत्तीच्या काही वर्षे आधी आमच्या विद्यालयाच्या पालक-शिक्षक संघाने वर्गणी काढून टीव्हीला जोडायच्या सहा शैक्षणिक पेट्या घेतल्या. त्याही अँड्रॉइडवर चालणाऱ्या, त्यात विज्ञानाचे प्रयोग आणि गणिताचे खेळ होते, आणि मुलांना त्या फार आवडत. तिसऱ्या वर्षी जून महिन्यात शाळा उघडल्यावर पेट्या सुरू केल्या तर सहाही पडद्यांवर एकच ओळ दिसली की सर्व्हरशी संपर्क होत नाही. विक्रेत्याचा दूरध्वनी लागेना, पाठवलेले पत्र परत आले. मी एक पेटी उघडून पाहिली तेव्हा सगळे धडे तिच्या आतच साठवलेले आढळले. अडसर होता तो फक्त दारातल्या पहारेकऱ्याचा. ज्या पालकांनी खाणी बंद असण्याच्या काळातही वर्गणी दिली होती त्यांना पालकसभेत काय सांगावे हे मला सुचले नव्हते. त्या पेट्या अजून प्रयोगशाळेच्या कपाटात पडून आहेत.

या उलट उदाहरणही त्याच काळातले आहे. २९ फेब्रुवारी २०१२ रोजी, म्हणजे ऊयाने लोकांकडे पैसे मागितले त्याच्या चार-पाच महिने आधी, ब्रिटनमधून रास्पबेरी पाय हा पत्त्याच्या कॅटएवढा संगणक ३५ डॉलरना बाजारात आला. त्यातही मोबाईल आणि त्यासारख्या उपकरणांत वापरतात त्याच घराण्यातली चिप होती, आणि तोही टीव्हीलाच जोडायचा. पण त्याची प्रणाली मुक्त असून ती एका लहान कार्डावर बसते, त्या कार्डाची प्रत कोणीही काढू शकतो, आणि यंत्र सुरू होताना कोणाला विचारत नाही. आमच्या प्रयोगशाळेत त्या पहिल्या मालिकेतला एक बोर्ड आजही तापमान मोजण्याच्या प्रयोगासाठी वापरतात, असे माझ्या जागी आलेल्या बाईंनी नुकतेच सांगितले. किंमत कमी, चिप साधी, तरीही वस्तू टिकली. स्वस्त वस्तू लवकरच टाकून द्यावी लागणार, हा समज त्यामुळे खोटा ठरतो.

गोव्यात गेमिंग हा शब्द उच्चारला की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे मांडवीतले कॅसिनो उभे राहतात, आणि त्यामुळे मुलांच्या खेळांविषयी सरकारदरबारी गंभीरपणे बोलणे कठीण होते. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा आणि ई-स्पोर्ट्स व सामाजिक खेळांना उत्तेजन देणारा कायदा संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये केला, त्यात हा भेद स्पष्ट केला आहे. आपल्या राज्यात सरकारी शाळांतून कोडिंग आणि रोबोटिक्स शिकवले जात आहे. ज्या मुलांना आपण प्रोग्राम लिहायला शिकवतो ती उद्या गेम लिहिणार, त्यांतली काही आपल्या मराठीतून आणि कोंकणीतून लिहिणार, हे स्वाभाविक आहे. त्यांनी लिहिलेले दहा वर्षांनी उघडता येईल की नाही, हा प्रश्न आजच विचारायला हवा.

छापील पुस्तकाच्या बाबतीत आपण तो फार पूर्वीच विचारला आहे. १९५४ च्या कायद्यानुसार भारतात निघणाऱ्या प्रत्येक पुस्तकाची प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि ठरावीक इतर सार्वजनिक ग्रंथालयांना द्यावी लागते. प्रकाशक दिवाळखोरीत निघाला तरी पुस्तक राहते. पणजीच्या पाटो भागातील कृष्णदास शामा गोवा राज्य मध्यवर्ती ग्रंथालयाचा वारसा १८३२ पर्यंत मागे जातो, आणि तिथे जपलेली कितीतरी पोर्तुगीज व मराठी नियतकालिके अशी आहेत की त्यांचे छापखाने कधीच मोडीत निघाले. मी स्वतः तिथे बसून शंभर वर्षांपूर्वीचे अंक वाचले आहेत. त्यांना कोणाच्या सर्व्हरची गरज पडली नाही.

म्हणून माझी शासनाला विनंती अशी आहे की राज्याच्या तिजोरीतून बीजभांडवल घेणाऱ्या किंवा सरकारी व अनुदानित शाळांना अशी उपकरणे विकणाऱ्या प्रत्येक उद्योगाकडून करारातच लिहून घ्यावे की त्यांची सेवा बंद होण्याआधी सॉफ्टवेअरची शेवटची एक सुधारणा पाठवून सर्व्हरची विचारणा काढून टाकली जाईल आणि ग्राहकाने घेतलेले सर्व काही जोडणीशिवाय चालू राहील. कंपनी अचानक बुडाली तर ही सुधारणा पाठवायला कोणी उरणार नाही, म्हणून तिची तयार प्रत आणि लागणाऱ्या डिजिटल किल्ल्या आरंभीच एका विश्वासू त्रयस्थ संस्थेकडे मोहोरबंद ठेवाव्यात. हे काम राज्य ग्रंथालयाने किंवा फर्मागुडीच्या शासकीय अभियांत्रिकी महाविद्यालयासारख्या संस्थेने करावे असे मला वाटते. कंपनी चालू आहे तोवर मोहोर फोडायची नाही, त्यामुळे फुकट्यांनी गेम चोरण्याची भीतीही राहत नाही. माझ्या विद्यार्थ्यांनी हीच शंका काढली होती. गेम बनवणाऱ्याला त्याच्या श्रमाचा मोबदला मिळालाच पाहिजे, यात दुमत असू नये, आणि खरेदीची खातरजमा पहिल्यांदा गेम उतरवताना एकदाच करून तिची खूण पेटीतच साठवली तरी तो हेतू साधतो. दर वेळी विचारण्याची गरज नसते. गावाकडे पावसाळ्यात दिवसदिवस नेट नसते, त्या घरांचाही यात विचार होईल.

ही मागणी जगावेगळी नाही. युरोपात, विकलेले गेम सर्व्हर बंद करून निकामी करू नयेत, अशा मागणीच्या नागरिक-पुढाकाराने २०२५ मध्ये १० लाख सह्यांचा टप्पा ओलांडला. अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्यात १ जानेवारी २०२५ पासून असा कायदा लागू आहे की जी डिजिटल वस्तू कंपनी पुढे काढून घेऊ शकते ती विकताना ग्राहक केवळ परवाना घेत आहे हे त्याला स्पष्ट सांगितले पाहिजे. आपल्या केंद्र सरकारच्या ग्राहक व्यवहार खात्याने २०२२ मध्ये दुरुस्तीच्या हक्कासाठी समिती नेमली आणि त्यासाठी संकेतस्थळही सुरू केले. पण सुटे भाग आणि दुरुस्तीची पुस्तिका मिळाली तरी, हार्डवेअर शाबूत असताना सर्व्हरअभावी मेलेल्या पेटीला त्याचा उपयोग नाही. ग्राहक संरक्षण कायद्याखाली तक्रार करावी तर प्रतिवादी कंपनीच शिल्लक नसते. कायदा दिल्लीत व्हायचा तेव्हा होईल. करारातली एक अट मात्र पर्वरीच्या सचिवालयातून घालता येते.

चार दिवसांपूर्वी ते चौघे पुन्हा घरी येऊन गेले. या वेळी त्यांनी पेटीची इंटरनेटची जोडणी माझ्यासमोर काढून ठेवली आणि मानशीचा खेळ सुरू करून दाखवला. तो चालला. गेमच्या ऑनलाइन दुकानाचा भाग अजून व्हायचा आहे, कंट्रोलरची बॅटरी लवकर उतरते, आणि बीजभांडवलाच्या अर्जाच्या नमुन्यात "सेवा बंद झाल्यास ग्राहकाची व्यवस्था काय" असा रकानाच नसल्यामुळे त्यांनी ही माहिती वेगळ्या कागदावर लिहून अर्जाला जोडायचे ठरवले आहे. संबंधित खात्याने पुढच्या वेळी अर्जाचा नमुना छापताना तो रकाना घालावा, एवढ्यासाठी हे पत्र आपल्या दैनिकात प्रसिद्ध करावे ही विनंती.

आपला नम्र,
एक निवृत्त शिक्षक,
डिचोली, गोवा